रिंगवर्ल्ड : गणितात न बसणारं कडं

लॅरी निव्हन या अमेरिकी लेखकाच्या ‘रिंगवर्ल्ड’ (१९७०) या कादंबरीत एका ताऱ्याभोवती बांधलेलं अजस्र कडं आहे. त्याची त्रिज्या पृथ्वी-सूर्य अंतराएवढी, सुमारे १५ कोटी किलोमीटर. रुंदी १६ लाख किलोमीटर. आतल्या पृष्ठभागावर समुद्र, डोंगर, वस्ती. कडं सेकंदाला सुमारे १,२०० किलोमीटर वेगाने फिरतं, म्हणून तिथे पृथ्वीइतकं वजन जाणवतं.

पण या वेगाचा ताण पोलादच काय, कोणताही ज्ञात पदार्थ सोसणार नाही. निव्हन यांनी त्यासाठी ‘स्क्रिथ’ कल्पिला. त्याची ताकद अणुकेंद्र बांधून ठेवणाऱ्या बलाच्या तोडीची.

दुसरी अडचण स्थैर्याची. ग्रह ढळला तरी कक्षेत राहतो. अखंड कडं मात्र जरा सरकलं, की ताऱ्याजवळ आलेली बाजू जास्त ओढली जाते, सरकणं वाढत जातं आणि शेवटी कडं ताऱ्यावर आदळतं. शनीची कडी अखंड घन असूच शकत नाहीत, हे भौतिकशास्त्रज्ञ मॅक्सवेल यांनी १८५९ मध्ये असंच दाखवलं होतं. वाचकांनी हा दोष दाखवल्यावर निव्हन यांनी कादंबरीच्या पुढच्या भागात कड्याच्या काठावर तोल सावरणारी इंजिनं बसवली.