पोटात राहिलेले फडके आणि दप्तरातला आकडा

शेताला घरात एक नाव असते. कुणी त्याला बांधावरचे म्हणतो, कुणी विहिरीजवळचे म्हणतो. पण तलाठ्याच्या दप्तरात त्याला गट क्रमांक असतो. कर्ज असो, वाटणी असो की कज्जा असो, सारे चालते ते त्या क्रमांकावर. आजारांचेही तसेच आहे. एकच दुखणे दहा गावी दहा नावांनी ओळखले जाते. म्हणून जगातल्या वैद्यांनी प्रत्येक दुखण्याला एक क्रमांक देऊन ठेवला आहे. यालाच ‘कोड’ म्हणतात.

ही वही काही काल तयार झालेली नाही. पॅरिसच्या बर्टिलाँ नावाच्या संख्याशास्त्रज्ञाची मृत्यूच्या कारणांची यादी १८९३ साली शिकागोच्या परिषदेत मान्य झाली. १९४८ पासून हे काम जागतिक आरोग्य संघटनेने हाती घेतले. दहावी आवृत्ती १९९० साली मंजूर झाली, अकरावी १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली. पण दहावी अजून पुष्कळ ठिकाणी वापरात आहे, आणि आज आपण तिच्यातलेच एक पान उघडणार आहोत. ते पान आहे शस्त्रक्रियेच्या वेळी चुकून शरीरात राहून गेलेल्या वस्तूंचे.

आता तुम्ही म्हणाल, असे कसे राहील? पण राहते. पोटाची शस्त्रक्रिया करताना रक्त टिपायला गॉजची फडकी लागतात, कधी दहा, कधी वीस. फडके रक्ताने भिजले की त्याचा रंग आतल्या मांसासारखाच होतो आणि ते आतड्यांच्या वळशात दिसेनासे होते. कापूस शरीरात विरघळत नाही. मग दोनपैकी एक होते. एक तर तिथे पू धरतो, ताप चढतो, रोगी काही दिवसांतच पुन्हा दवाखान्यात येतो. नाही तर शरीर त्या फडक्याभोवती कवच बांधते, आतडी त्याला आणि एकमेकांना चिकटतात, आणि महिन्यांनी, कधी वर्षांनी, पोटात गोळा लागतो.

आपल्याच राज्यातली एक हकिकत न्यायालयाच्या दप्तरात नोंदलेली आहे. जुलै १९६३ मध्ये औरंगाबादच्या, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरच्या, सरकारी रुग्णालयात एका बाईची प्रसूती झाली आणि मग नसबंदीची शस्त्रक्रिया झाली. पोट दुखू लागले, ताप हटेना. दुसऱ्यांदा पोट उघडले तेव्हा आत फडके सापडले. त्याच महिन्यात ती बाई वारली. घरच्यांनी दावा लावला. खालच्या न्यायालयाने ३६,००० रुपये भरपाई दिली, उच्च न्यायालयाने ती सरकारवरून काढून टाकली, आणि १९९६ साली सर्वोच्च न्यायालयाने ती पुन्हा कायम केली. न्यायालयाचे म्हणणे सरळ होते: फडके आत राहिले, ही गोष्टच निष्काळजीपणाची साक्ष देते. नेमका कुणाचा हात चुकला हे ठरले नाही, तरी रुग्णालय चालवणाऱ्या सरकारची जबाबदारी टळत नाही. या निकालाला तेहतीस वर्षे लागली.

अशा प्रसंगी दप्तरात काय लिहायचे? दहाव्या आवृत्तीत ‘टी ८१.५’ हा क्रमांक आहे. त्याचा अर्थ, शस्त्रक्रियेनंतर शरीराच्या पोकळीत किंवा जखमेत चुकून राहिलेली वस्तू. वस्तू न राहता एखादा पदार्थ, म्हणजे भुकटी वा रसायन, राहून एकदम दाह झाला तर ‘टी ८१.६’. हे झाले ‘काय झाले’ याचे उत्तर. ‘कशात झाले’ याचे उत्तर दुसऱ्या क्रमांकात असते. ‘वाय ६१.०’ म्हणजे शस्त्रक्रियेच्या वेळी, ‘वाय ६१.१’ म्हणजे सलाइन किंवा रक्त चढवताना, ‘वाय ६१.३’ म्हणजे सुई किंवा लस टोचताना. दोन्ही आकडे जोडीने लिहिले की हकिकत पुरी होते.

अमेरिकेने हाच क्रमांक आणखी लांबवला आहे. तिथे ‘टी ८१.५१०ए’ असे लिहितात. त्यातला ५१ सांगतो की आतडी चिकटली. ५२ असता तर अडथळा झाला, ५३ असता तर भोक पडले. पुढचे शून्य सांगते की हे शस्त्रक्रियेमुळे झाले. शेवटचा ‘ए’ सांगतो की मुख्य उपचार अजून चालू आहे.

इथे एक शब्द नीट ध्यानात घ्या, बरं का. तो शब्द म्हणजे ‘चुकून’. मोडलेल्या हाडात बसवलेली पट्टी आणि स्क्रू, हृदयातली झडप, गर्भाशयातली तांबी, या वस्तू मुद्दाम ठेवलेल्या असतात. त्यांनी त्रास दिला तर नोंद निराळ्या घरात जाते, टी ८२ ते टी ८५ मध्ये. पायात मोडलेला काटाही या पानावर येत नाही. तो शस्त्रक्रियेने आत गेलेला नाही.

आणि कोड लिहिणारा कारकून स्वतःच्या मनाने काही लिहू शकत नाही. डॉक्टरांनी कागदावर जे लिहिले तेच तो आकड्यात उतरवतो. डॉक्टरांनी ‘फडके निघाले’ असे न लिहिता नुसते ‘पोटदुखी’ लिहिले, तर क्रमांक पडतो ‘आर १०’, आणि ते फडके सरकारी हिशेबातून नाहीसे होते. मोह पुष्कळ असतो. अमेरिकेत ऑक्टोबर २००८ पासून अशा राहिलेल्या वस्तूमुळे वाढलेल्या खर्चाचे जादा पैसे सरकारी विमा योजना रुग्णालयाला देत नाही. काळजी वाढावी म्हणून हा नियम केला. पण खरे लिहिले तर पैसे जातात, हेही त्यातूनच आले. कोड हा काही आरोप नव्हे. पण तो खरा लिहिला नाही तर चूक कुठे होते हे कुणालाच कळत नाही.

नोंदींचा उपयोग कसा होतो ते पाहा. शल्यवैद्य अतुल गवांदे, ज्यांचे वडील महाराष्ट्रातल्या उटी या खेड्यातले, त्यांनी व त्यांच्या सहकाऱ्यांनी २००३ साली अशा ५४ रोग्यांचे कागद तपासले. तातडीची शस्त्रक्रिया, मध्येच बदललेला बेत आणि रोग्याची स्थूलता, या तीन गोष्टींनी धोका वाढतो असे दिसले. त्याहून नवलाची गोष्ट अशी की ज्यांची फडकी शेवटी मोजली होती, त्यांतल्या १०० पैकी ८८ प्रसंगी मोजणी ‘बरोबर’ म्हणून लिहिलेली होती! म्हणजे एकट्या मोजणीवर भिस्त ठेवून चालत नाही. म्हणून आज फडक्यात क्ष-किरणात दिसणारा धागा विणतात, आणि हिशेब जुळला नाही तर टेबलावरच फोटो काढतात. जागतिक आरोग्य संघटनेच्या शस्त्रक्रिया-यादीतही रोगी बाहेर नेण्याआधी फडकी, सुया आणि हत्यारे मोजून मोठ्याने सांगावी असे कलम आहे.

आता आपण काय करावे? शस्त्रक्रियेनंतर दवाखान्यातून निघताना डिस्चार्ज कार्ड मागून घ्यावे आणि पत्र्याच्या पेटीत सातबाऱ्याशेजारी जपून ठेवावे. दुखणे उमटले तर जुनी शस्त्रक्रिया डॉक्टरांना आधी सांगावी. दुसऱ्यांदा पोट उघडावे लागले तर आत काय सापडले ते कागदावर लिहून मागावे. २००२ च्या वैद्यकीय आचारनियमांप्रमाणे आंतररुग्णाचे कागद तीन वर्षे ठेवणे आणि मागणी केल्यास ७२ तासांत देणे हे डॉक्टरांचे कर्तव्य आहे. मागणी लेखी करावी.

गुरुजींना आणि बाईंना एक विनंती. गावात कुणी असा कागद घेऊन आला तर त्यावरचे अक्षर आणि आकडा त्याला वाचून दाखवा. ‘टी ८१.५’ ही तीन अंकांची खूण दिसायला लहान, पण तिच्यामागे एका माणसाचे दुखणे असते, आणि ती खरी लिहिली गेली तर पुढच्या माणसाचे दुखणे टळू शकते.