तेरा अब्ज डॉलरची एक संध्याकाळ

अमेरिकेतल्या दुकानदारांची ‘नॅशनल रिटेल फेडरेशन’ ही मोठी संघटना दरवर्षी सप्टेंबरात एक पाहणी करून घेते. यंदा ३१ ऑक्टोबरच्या हॅलोवीन सणाला काय काय घेणार आणि किती पैसे घालणार, हे लोकांना विचारायचं आणि त्यावरून अख्ख्या देशाचा अंदाज बांधायचा. २०२५ साली सुमारे आठ हजार लोकांना विचारून जो आकडा निघाला, तो होता १३.१ अब्ज डॉलर. रुपयांत एक लाख कोटींच्याही पुढे. माणशी सरासरी ११४ डॉलर ४५ सेंट. २००५ साली हाच अंदाज ३.३ अब्जांचा होता. मधल्या वीस वर्षांत महागाई वाढली, माणसंही वाढली. पण महागाई धरली, तरी तेव्हाचे ३.३ अब्ज म्हणजे आजचे साधारण साडेपाच अब्ज होतात. त्यावरचा बराचसा पैसा लोकांनी आपण होऊन वाढवलेला आहे.

हा आकडा पावत्यांवरून काढलेला नसतो, सणाआधी लोकांनी सांगितलेल्या बेतावरून काढलेला असतो, एवढं लक्षात ठेवायला हवं. तरी दिशा त्यातून कळते, आणि ती मला रोज डोळ्यांसमोर दिसते. मी शिकागोजवळच्या नेपरव्हिलमध्ये राहते आणि एका मोठ्या दुकानाच्या ‘सीझनल’ विभागात काम करते. सांगलीत असताना बँकेत कॅश काउंटरवर होते, त्यामुळे पैसा कुठून आला आणि कुठे गेला हे बघायची सवय जुनीच. दारी आलेल्या पोराच्या पिशवीत मूठभर चॉकलेटं टाकण्याचा खर्च मला मनापासून पटतो. बाकीच्या खर्चाबद्दल मात्र बोलायला हवं.

आमच्याकडे हॅलोवीनचा माल जुलैत उतरू लागतो. बाहेर ऊन रणरणत असतं, एका बाजूला शाळेच्या वह्या-दप्तरांचे ढीग आणि दुसऱ्या बाजूला आम्ही खोक्यांतून कवट्या बाहेर काढत असतो. इतकी घाई कशाला, असं गिऱ्हाईकंही विचारतात. पण याच पाहणीनुसार जवळपास निम्मे लोक ऑक्टोबर उजाडायच्या आधीच खरेदीला लागतात. शिवाय या धंद्याची मुदत कडक आहे. ३१ ऑक्टोबरची रात्र सरली की माल पडला. दुसऱ्या दिवशी सकाळी निम्म्या किमतीच्या चिठ्ठ्या लावायच्या आणि त्याच शेल्फवर नाताळचा माल चढवायचा. १९९९ साली हर्शी कंपनीने ऐन हॅलोवीनच्या तोंडावर नवी संगणकप्रणाली सुरू केली आणि ती अडखळली. गोदामात चॉकलेट होतं, पण दुकानांपर्यंत पोचेना. शंभर दशलक्ष डॉलरहून अधिक किमतीच्या ऑर्डरी त्यांना वेळेत पुऱ्या करता आल्या नाहीत. हुकलेला हॅलोवीन नोव्हेंबरात भरून काढता येत नाही, हा धडा सगळ्या बाजाराने तेव्हा घेतला.

आता तेरा अब्जांची वाटणी. २०२५च्या अंदाजात गोळ्या-चॉकलेटांना ३.९ अब्ज, पोशाखांना ४.३ अब्ज, सजावटीला ४.२ अब्ज आणि उरलेले शुभेच्छापत्रांना. मुलांनी दारोदार जाऊन खाऊ मागायचा, हा या सणाचा गाभा. पण तो खाऊ या यादीत तिसऱ्या नंबरवर आहे. पोशाखांचा आकडा फोडून पाहिला तर आणखी उलगडा होतो. मुलांच्या पोशाखांना १.४ अब्ज, मोठ्यांच्या पोशाखांना दोन अब्ज आणि कुत्र्या-मांजरांच्या पोशाखांना ८६० दशलक्ष. सण मुलांचा म्हणायचा, पण कपड्यांत मोठ्यांचा खर्च मुलांच्या खर्चाहून कितीतरी पुढे गेलेला आहे.

एका संध्याकाळी एक मराठी मुलगी आपल्या पाच-सहा वर्षांच्या लेकाला घेऊन आली होती. त्याला अंतराळवीर व्हायचं होतं. तिने पाकिटातून पोशाख काढून हातात धरला, उजेडासमोर नेला आणि मला म्हणाली, “ताई, हे आरपार दिसतंय की हो! याला चाळीस डॉलर?” मीही हात लावून पाहिला. पातळ पॉलिएस्टर, मागे वेल्क्रोची एक पट्टी, शिवणीला दुमड नाही, छातीवरची बटणं नुसती छापलेली. एकदा धुतला की संपला.

हा पोशाख इतका तकलादू का, याचं एक उत्तर अमेरिकेच्या कस्टम्सच्या कायद्यात सापडतं. बाहेरून येणाऱ्या कपड्यांवर इथे चांगलं जबर आयातशुल्क आहे. सणासुदीच्या वस्तूंवर मात्र मूळ शुल्क नाही. मग हॅलोवीनचा पोशाख हा कपडा धरायचा की सणाची वस्तू? रुबीज ही पोशाख बनवणारी अमेरिकन कंपनी या प्रश्नावर कोर्टात गेली. असे आयात पोशाख कपडे समजून त्यांच्यावर शुल्क लावावं, असं तिचं म्हणणं होतं. २००३ साली फेडरल सर्किटच्या अपील कोर्टाने कस्टम्स खात्याची बाजू उचलून धरली. पातळ, न टिकणारा, रोजच्या कपड्यासारखा न शिवलेला पोशाख ही सणाची वस्तू, म्हणून शुल्कमुक्त. नीट शिवलेला, टिकाऊ असेल तर तो कपडा. पुढे २०१९ मध्ये सांताक्लॉजच्या एका चांगल्या, अस्तर लावलेल्या सूटचा खटला त्याच कोर्टापुढे आला, तेव्हा तो कपडाच ठरला आणि त्याला शुल्क लागलं. थोडक्यात, बाहेरून आणलेला पोशाख जितका चांगला शिवाल तितकी जकात लागण्याची शक्यता जास्त. कायद्याचा हेतू तसा नसेलही, पण दुकानदाराला यातून मिळणारा इशारा स्वच्छ आहे. २०२५ मध्ये चिनी मालावर नवे कर आले आणि हे पोशाख बहुतेक तिथूनच येत असल्यामुळे ती सवलतही पुरती राहिली नाही. त्या वर्षीच्या पाहणीत जवळजवळ ८० टक्के लोकांनी या करांमुळे भाव चढतील असं सांगितलं होतं, आणि तरीही एकूण खर्चाचा अंदाज उच्चांकी निघाला.

त्या मुलीला मी आमच्या ग्रंथालयातल्या पोशाख-अदलाबदलीचा पत्ता दिला. दुकानात काम करून असं सांगावं का, याचा मी विचार केला, आणि सांगितलं.

सजावटीची गोष्ट वेगळी आहे. पूर्वी दारात कोरलेला भोपळा आणि खिडकीत कागदी वटवाघूळ एवढ्यावर भागायचं. २०२० साली ‘होम डेपो’ या दुकानसाखळीने बारा फुटी सांगाडा २९९ डॉलरला आणला आणि तो बघता बघता संपला. ते वर्ष कोविडचं. मुलं घरोघर जाणार की नाही याची खात्री नव्हती, लोक घरात अडकलेले होते, आणि रस्त्यावरून जाणाऱ्याला दिसेल असं काहीतरी अंगणात उभं करण्याची हौस तिथून जी लागली ती सुटलेली नाही. सगळ्यांचा मिळून सजावटीचा खर्च २०१९ मध्ये २.७ अब्ज होता, तो २०२५ मध्ये ४.२ अब्ज झाला. आमच्या गल्लीतही असा सांगाडा आहे, आणि त्याची जमिनीवर पडलेली सावली बघून मुलं खिदळतात हे खरं. पण तो ठेवायला अर्धं गॅरेज लागतं. शिवाय एकाच्या अंगणात तो आला की शेजारच्याला आपलं अंगण सुनं वाटू लागतं. आमच्या विभागात येणारी कितीतरी गिऱ्हाईकं “आमच्या रस्त्यावर सगळ्यांकडे आहे” असं म्हणत गाडी भरतात. हौसेला मोल नाही म्हणतात. इथे हौसेपेक्षा धास्तीच जास्त दिसते.

मग खाऊ. तोही पहिल्यापासून असा विकतचा, वेष्टनातला नव्हता. आयर्लंडहून एकोणिसाव्या शतकात आलेल्या लोकांनी हा सण अमेरिकेत रुजवला. घरोघर जाऊन खाऊ मागण्याची चाल १९३०च्या दशकात पसरू लागली, दुसऱ्या महायुद्धात साखरेवर रेशन आलं तेव्हा मंदावली आणि युद्धानंतरच्या नव्या उपनगरांत जोमाने परतली. तेव्हा लोक घरच्या कुकीज, लाह्यांचे लाडू, सफरचंदं, सुटी नाणीही देत. पुढे खाऊत विष किंवा ब्लेड सापडण्याच्या अफवा पसरल्या आणि आईबापांनी घरचा खाऊ बंद केला. डेलावेअर विद्यापीठातले समाजशास्त्रज्ञ जोएल बेस्ट यांनी १९५८पासूनच्या बातम्या वर्षानुवर्षं तपासल्या. अनोळखी माणसाने दारी आलेल्या मुलाला विषारी खाऊ देऊन मारल्याची एकही खरी ठरलेली घटना त्यांना आढळली नाही. १९७४ मध्ये टेक्ससमध्ये एक मूल दगावलं होतं, पण विष घालणारा त्याचा बापच निघाला. भीती खोटी होती, तिचा बाजार मात्र खरा झाला. कारखान्यात बंद केलेलं छोटं चॉकलेट एवढंच देण्याजोगं उरलं, आणि २०२५च्या अंदाजातले ३.९ अब्ज त्या वेष्टनावर उभे आहेत.

त्यात कोकोही मध्यंतरी महागला. जगातला निम्म्याहून अधिक कोको घाना आणि आयव्हरी कोस्टमध्ये पिकतो. तिथे हवामान आणि झाडांवरचा रोग यांनी पीक मारलं, आणि २०२४ मध्ये कोकोचा भाव टनाला दहा हजार डॉलरच्या वर गेला. आमच्या शेल्फवर त्याचा परिणाम लगेच दिसला. मिश्र पिशव्यांत चॉकलेट कमी आणि चिकट फळगोळ्या जास्त. पिशवीची किंमत वाचता तेव्हा मागची बाजूही वाचा, आतले नग आणि वजन तिथे छापलेलं असतं. साधारण दीडशे नगांची पिशवी पंचवीस डॉलरच्या आसपास पडते, म्हणजे एका मुलाच्या हातावर सोळा-सतरा सेंट. या सणात इतक्या कमी पैशात इतकं घडवणारं दुसरं काही मी पाहिलेलं नाही. एरवी गॅरेजचं दार बंद करून आत जाणारे आम्ही शेजारी त्या एका संध्याकाळी एकमेकांच्या दारात उभे राहतो.

२०२४ मध्ये दिवाळी आणि हॅलोवीन इथे एकाच संध्याकाळी आले. दारात रांगोळी, वर आकाशकंदील, आणि त्यातून वाट काढत येणारी छोटी भुतं. आमच्यासमोरच्या घरातली आजी नातवाला घेऊन आली, रांगोळीवर पाय पडू नये म्हणून त्याला उचलून तिने आत आणलं आणि हे कशासाठी असतं ते विचारलं. मी बेसनाचा लाडू तिच्या हातावर ठेवला, मुलाला मात्र बंद चॉकलेटच दिलं, कारण त्याला कशाची ॲलर्जी आहे ते मला ठाऊक नव्हतं. ॲलर्जी असलेल्या मुलांसाठी इथे २०१४पासून एक छान मोहीम चालते. दारात मोरपिशी रंगाचा भोपळा ठेवायचा. या घरी खाण्याशिवाय दुसरंही काही मिळेल, अशी ती खूण. पेन्सिल, खडू, छोटा चेंडू. खर्च नगण्य, आणि ज्या मुलाला दर घरी नाही म्हणावं लागतं त्याला या घरी काहीतरी घेता येतं.

भोपळ्यावर खर्च करायला माझी ना नाही. आमचं इलिनॉय राज्य भोपळ्यांत देशात पहिलं. डबाबंद भोपळ्याचं मोठं पीक मॉर्टन गावाच्या आसपास होतं. कोरायचा भोपळा शेतावर जाऊन आणला तर पैसा थेट शेतकऱ्याच्या हातात पडतो. आमच्या ड्यूपेज काउंटीत हॅलोवीननंतर जुने भोपळे गोळा करून त्यांचं खत करतात. कचऱ्याच्या डब्यात टाकण्याऐवजी तिथे नेऊन द्या.

इथल्या मराठी घरांना आणि पुण्या-मुंबईच्या ज्या सोसायट्यांत आता हॅलोवीन होतो त्यांनाही माझं सांगणं एवढंच आहे. खाऊच्या पिशवीत हात आखडता घेऊ नका. पोशाख घरच्या जुन्या कपड्यांतून करा, नाहीतर ज्याचं मूल मोठं झालं त्याच्याकडून मागून घ्या. सजावटीचं सामान घ्यायचंच असेल तर १ नोव्हेंबरला सकाळी या. तोच माल निम्म्या किमतीत मिळेल आणि पुढच्या वर्षी कामाला येईल.