चाउडरमधले दूध का फाटते?

अमेरिकेच्या ईशान्य किनाऱ्यावर न्यू इंग्लंड नावाचा भाग आहे. तिथे शिंपल्यांचे एक दाट, पांढरे सूप घरोघरी होते. त्याला क्लॅम चाउडर म्हणतात. संशोधनासाठी बोस्टनला असताना मी ते पहिल्यांदा घरी केले, तेव्हा बाहेर चार पाहुणे बसले होते आणि पातेल्यात निवळीवर दुधाच्या गुठळ्या तरंगत होत्या. रसायनशास्त्रात डॉक्टरेट मिळवलेल्या माणसावर आलेली ही वेळ! त्या रात्री चूक शोधायला मी पहिल्यापासून सुरुवात केली.

चाउडरसाठी कोहॉग नावाचे जाड कवचाचे मोठे शिंपले घेतात. आपल्या कोकणातल्या तिसऱ्यांचे ते थोराड भाऊबंद. शिंपल्याच्या दोन शिंपा बिजागरीशी एका लवचीक पट्टीने जोडलेल्या असतात. ही पट्टी स्प्रिंगसारखी शिंपा सतत उघडू पाहते. आतला जिवंत प्राणी स्नायूंच्या जोरावर त्या मिटून धरतो. वाफ लागली की स्नायूंची पकड सुटते आणि शिंपा आपोआप उघडतात. म्हणूनच शिजवण्याआधीच उघडा असलेला आणि टिचकी मारूनही न मिटणारा शिंपला मेलेला समजून टाकून द्यावा.

मात्र जिवंत शिंपला म्हणजे निर्धोक शिंपला, असे नव्हे. समुद्रात काही सूक्ष्म शैवाले माजली की शिंपले ती गाळून खातात आणि त्यांच्यातले सॅक्सिटॉक्सिन हे विष साठवतात. १९७२ साली न्यू इंग्लंडच्या किनाऱ्यावर असे घडले आणि शिंपले काढणे थांबवावे लागले. हे विष मज्जासंस्थेवर परिणाम करते, आणि कितीही उकळले तरी ते नाहीसे होत नाही. स्वयंपाकघरात त्यावर उपाय नाही. शिंपले तपासणी होणाऱ्या ठिकाणचेच घ्यायला हवेत.

आता पातेल्याकडे वळू. चार माणसांसाठी डझनभर मोठे कोहॉग पेलाभर पाण्यात वाफवावेत. मांस बारीक चिरून ठेवावे आणि खाली उरलेले पाणी वाळू राहणार नाही असे फडक्यातून गाळून घ्यावे. चाउडरची खरी चव या पाण्यात असते, आणि माझे दूधही त्यानेच फाडले होते.

दुधातले केसीन हे प्रथिन अतिसूक्ष्म गोळ्यांच्या रूपात तरंगत असते. गोळ्यांवर ऋण विद्युतभार असल्यामुळे ते एकमेकांना दूर ढकलतात. लिंबू पिळले की हा भार नाहीसा होतो आणि गोळे एकमेकांना चिकटतात. पण मी तर लिंबू घातले नव्हते! शिंपल्यात समुद्राचे पाणी असते, आणि लिटरभर समुद्राच्या पाण्यात सुमारे ३५ ग्रॅम क्षार असतात. त्यांतले कॅल्शियम आणि मॅग्नेशियमचे धनभारित आयन केसीनचा ऋणभार झाकून टाकतात. त्यात मी दूध खळखळून उकळले. मग काय व्हायचे ते झाले.

यावर उपाय आहे स्टार्चचा. दोन चमचे लोण्यात कांदा परतून त्यात दोन चमचे मैदा घालावा. लोण्यामुळे मैद्याचा कण न् कण सुटा राहतो, म्हणून नंतर पाणी घातल्यावर गुठळ्या होत नाहीत. मग शिंपल्यांचे पाणी आणि तीन बटाट्यांच्या फोडी घालून शिजू द्यावे. साधारण ६० ते ७० अंश सेल्सिअसला स्टार्चचे कण पाणी पिऊन फुगतात, त्यांतून लांबच लांब रेणू बाहेर पडतात आणि रस दाटतो. या दाट रसात केसीनच्या गोळ्यांना एकमेकांपर्यंत पोचणे अवघड जाते. बटाटे शिजले की दोन पेले गरम दूध आणि अर्धा पेला क्रीम घालावे. क्रीममध्ये स्निग्धांश भरपूर आणि मोकळे केसीन कमी असते, त्यामुळे ते सहसा फाटत नाही. शेवटी मांस घालून मंद आचेवर नुसते गरम करावे, उकळू नये. मांसही त्याने चिवट होते. मीठ चव घेऊनच घालावे. मी तेही आधीच घातले होते.

आपल्या घरात हे ज्ञान फार जुने आहे. कढीला बेसन लावतात ते याचसाठी. वर्गात शिंपले कशाला हवेत? दोन भांड्यांत सारखे ताक घ्यावे, एकाला बेसन लावावे, दोन्ही उकळावीत आणि काय दिसते ते मुलांनाच सांगू द्यावे.

न्यूयॉर्कच्या बाजूला चाउडरमध्ये दुधाऐवजी टोमॅटो घालतात. न्यू इंग्लंडच्या लोकांना ते इतके खटकते, की १९३९ साली मेन राज्याच्या विधिमंडळात टोमॅटोवर बंदी घालणारे विधेयक आले होते. रसायनशास्त्र म्हणेल, टोमॅटो खुशाल घाला, पण मग दूध नको.

उरलेले चाउडर दुसऱ्या दिवशी खिरीपेक्षा घट्ट झालेले आढळेल. थंड होताना स्टार्चचे रेणू पुन्हा एकमेकांत गुंततात. थोडे गरम दूध घालून मंद आचेवर ढवळले की ते पुन्हा सैल होते.