कळलावी

आषाढ-श्रावणात कुंपणाच्या झुडपांवर लाल-पिवळ्या ज्वाळा दिसल्या, तर ती कळलावी. कोकणात गौरीच्या पूजेत तिला मान असतो. वेल चढते ती पानांच्या जोरावर: पानाचे टोकच लांबून स्प्रिंगसारखे वळते आणि शेजारच्या फांदीला विळखा घालते. फूल तर उलटेच. कळी खाली मान घालते, उमलताना सहाही पाकळ्या मागे वर वळतात. आधी हिरवट-पिवळ्या, मग केशरी, शेवटी गर्द लाल. परागवाहिनी तळाशी काटकोनात बाजूला वळलेली असते, त्यामुळे फुलातलेच पराग तिच्या टोकावर सहसा पडत नाहीत. तामिळनाडूत बियांसाठी तिची शेती होते. तिथे परागीभवन हातानेच करतात. बियांतल्या कोल्चिसिनपासून गाउटवरचे औषध बनते.

पण हेच कोल्चिसिन जीवघेणे विषही आहे, आणि कंदात ते भरपूर असते. तेव्हा घरगुती औषधाचे प्रयोग नकोच.

लावायचीच असेल, तर पाऊस सुरू होताना निचऱ्याच्या मातीत इंग्रजी व्ही आकाराचा कंद आडवा पुरावा. टोकाचा कोंब मोडू देऊ नये. आधार द्यावा. हिवाळ्यात वेल वाळते. तेव्हा पाणी बंद.