गोठ्यातून निसटणारा गॅस

सुरतच्या पश्चिमेला, तापी समुद्राला मिळते त्या मुखाशी हजिरा आहे. २००५ सालापासून येथे परदेशातून मोठमोठी जहाजे येतात आणि उणे १६२ अंश सेल्सिअसपर्यंत थंड करून द्रवरूप केलेला नैसर्गिक वायू उतरवतात. हजिरा–विजयपूर–जगदीशपूर ही देशातली जुनी वायुवाहिनीही येथूनच उत्तरेकडे निघते. खत कारखाने, वीज केंद्रे, घरातल्या शेगड्या अशा कितीतरी ठिकाणी हा वायू जळतो. त्याचा मुख्य घटक मिथेन. हजिऱ्यात त्याचा घनमीटर न् घनमीटर मोजला जातो, कारण तो विकत आणलेला असतो.

तोच मिथेन पूर्वेकडच्या बारडोली, मांडवी, व्यारा, सोनगढच्या गोठ्यांतून रात्रंदिवस हवेत मिसळतो. तिथे मीटर नाही. पण पैसा तिथेही खर्च झालेला असतो. वैरणीवर, पेंडीवर, सरकीवर पशुपालकाने जे खर्चले, त्यातलाच काही भाग गॅस होऊन उडून जातो. हवामान बदलाच्या चर्चेत जनावरांचा विषय निघाला की शेतकऱ्याला वाटते, आता आपल्याला दोषी ठरवणार. प्रत्यक्षात हा विषय आधी त्याच्या स्वतःच्या तोट्याचा आहे.

गाय-म्हैस गवत, पेंढा, कडबा खाते. पण त्यातला चिवट तंतुमय भाग फोडायचे काम तिच्या कोटीपोटात राहणारे असंख्य सूक्ष्मजीव करतात. चारा तिथे आंबतो, रवंथ होऊन पुन्हा तिथेच येतो. या आंबण्यातून हायड्रोजन सुटतो आणि काही सूक्ष्मजीव त्याला कार्बन डायऑक्साइडशी जोडून मिथेन बनवतात. तो जनावराच्या काही कामाचा नसतो. चाऱ्यातल्या एकूण ऊर्जेपैकी साधारण ६ ते ७ टक्के अशी वाया जाते. तो मागच्या बाजूने बाहेर पडतो असा समज आहे, पण बहुतेक सगळा मिथेन तोंडावाटे, ढेकरेतून जातो. चारा जितका वाळका आणि निकस, तितकी ही गळती जास्त.

मिथेन हवेत साधारण १२ वर्षे टिकतो. कार्बन डायऑक्साइड शतकानुशतके राहतो, त्या मानाने हा मुक्काम छोटा. पण २० वर्षांच्या हिशेबाने तोच मिथेन वजनाला वजन सुमारे ८० पट अधिक उष्णता धरून ठेवतो. म्हणून आज तो कमी केला, तर त्याचा परिणाम आजच्या शाळकरी मुलांना मोठेपणी दिसू शकतो. २००६च्या ऑगस्टमध्ये तापीचे पाणी घराघरात शिरलेले पाहिलेल्या सुरतला हवामानाचे गांभीर्य वेगळे समजावून सांगायला नको.

संयुक्त राष्ट्रांच्या अन्न आणि कृषी संघटनेच्या २०२३च्या अंदाजानुसार जगातल्या हरितगृह वायूंपैकी सुमारे १२ टक्के पशुपालनातून येतात. भारताच्या एकूण उत्सर्जनात शेतीचा वाटा सुमारे १४ टक्के आहे आणि त्यातला निम्म्याच्या घरातला भाग जनावरांच्या पोटातला. २०१९च्या पशुगणनेत देशात १९ कोटींहून अधिक गोवंश आणि जवळपास ११ कोटी म्हशी मोजल्या गेल्या. आकडे मोठे आहेत, हे नाकारण्यात अर्थ नाही.

पण ते नीट वाचले पाहिजेत. हवामान बदलावरील आंतरसरकारी मंडळाच्या (आयपीसीसी) २००६च्या मार्गदर्शिकेत भारतीय उपखंडातल्या दुभत्या गाईला वर्षाला ५८ किलो मिथेन धरला आहे, उत्तर अमेरिकेतल्या गाईला १२८ किलो. म्हणजे एकेक गाय पाहिली तर आपली निम्म्याहून कमी प्रदूषण करते. आता दूध पाहा. त्याच तक्त्यात अमेरिकी गाईचे दूध वर्षाला ८,४०० किलो आहे, आपल्या गाईचे ९००. किलोभर दुधामागे तिकडे १५ ग्रॅम मिथेन आणि इकडे ६४. अमेरिकी गाय मका आणि सोयाबीनवर पोसली जाते. आपली गाय माणसाला न खाता येणारा पेंढा खाऊन दूध देते, शेणखत देते, बैल देते, आणि हे त्या भागाकारात येत नाही. तरीही ६४ आणि १५ यांच्यातले अंतर एवढे मोठे आहे की काम कुठे करायचे, हे त्यातून कळते. जनावर तेच ठेवून त्याला नीट खाऊ घालायचे आणि त्याचे दूध वाढवायचे.

सुरतेत या कामासाठी लागणारी यंत्रणा जुनी आहे. १९५१ साली सुरत जिल्हा सहकारी दूध उत्पादक संघ, म्हणजेच सुमूल, उभा राहिला. २००७ साली तापी जिल्हा वेगळा झाला, तरी दोन्ही जिल्ह्यांचे दूध सुमूलकडेच जाते. लिंबायत, उधना, डिंडोलीतल्या खानदेशी घरांत सकाळी येणारी पिशवी असो किंवा चांदनी पडव्याच्या सणाला सुरतकर ज्या घारी मिठाईसाठी रांग लावतात तिचे मावा-तूप असो, त्यामागे गावोगावच्या दूध मंडळ्या आहेत. नंदुरबारला लागून असलेल्या उच्छल-निझरपासून सोनगढपर्यंतच्या आदिवासी गावांत एक-दोन जनावरांवर घरखर्च चालवणाऱ्या बायका या साखळीचा कणा आहेत.

या पट्ट्यातली वैरण म्हणजे भाताचा पेंढा, आणि गळीत हंगामात उसाचे वाढे. पोट भरते, पण प्रथिने आणि खनिजे कमी पडतात. राष्ट्रीय दुग्धविकास मंडळाने २०१२च्या सुमारास देशभर संतुलित आहाराचा कार्यक्रम सुरू केला तो याच दुखण्यावर. गावातलाच प्रशिक्षित माणूस गोठ्यात येतो. जनावराचे वजन, दूध, फॅट आणि घरात असलेली वैरण यांची नोंद घेतो. आणि काय किती घालायचे ते संगणकाच्या मदतीने सांगतो. कुठे पेंड कमी करायची, कुठे हिरवा चारा वाढवायचा, कुठे फक्त खनिज मिश्रणाची भर. मंडळाच्या शास्त्रज्ञांनी प्रत्यक्ष गोठ्यांत मोजमाप केले तेव्हा दूध थोडे वाढले, खुराकाचा खर्च घटला आणि लीटरमागे मिथेन १० टक्क्यांहून अधिक कमी झाला. हवामानासाठी म्हणून यात वेगळे काही केलेले नव्हते. सुमूलचा तापी जिल्ह्यातल्या बाजीपुऱ्याचा पशुखाद्य कारखाना २०१७ साली सुरू झाला. अशा कारखान्यातून निघणाऱ्या पोत्यात काय असते, हा प्रश्न आता हवामानाचाही आहे.

पोत्यात आणखी काही घालता येते. बंगळूरच्या राष्ट्रीय पशुपोषण आणि शरीरक्रियाशास्त्र संस्थेने ‘हरित धारा’ नावाचे पूरक खाद्य तयार केले आणि २०२१ साली ते जाहीर झाले. टॅनिन असलेल्या वनस्पतींपासून ते बनते आणि मिथेन १७ ते २० टक्क्यांनी घटवते, असे संस्थेचे निष्कर्ष आहेत. युरोपात २०२२ साली मान्यता मिळालेले ‘बोव्हेर’ हे रसायन दुभत्या गाईंत सुमारे ३० टक्के घट करते. मात्र असे द्रव्य रोज, प्रत्येक घासासोबत पोटात जावे लागते. हजार गाईंच्या बंदिस्त फार्मवर हे सोपे आहे. दिवसा बांधावर चरणारी आणि संध्याकाळी पेंढा खाणारी म्हैस त्या वेळापत्रकात बसत नाही. भारतीय संशोधनाला हीच अडचण आधी सोडवावी लागेल.

शेणाची गोष्ट वेगळी. आपल्याकडे शेणाच्या बहुधा वाळवून गोवऱ्या होतात किंवा ते उकिरड्यावर जाते, त्यामुळे पोटातल्या मिथेनच्या तुलनेत शेणातला थोडाच. पण तो पकडणे सोपे आहे, आणि वर सरपण वाचते. आणंद जिल्ह्यातल्या झकरियापुरा गावात दुग्धविकास मंडळाने घरामागे बसणारे छोटे गोबरगॅस संच दिले. दोन-तीन जनावरांवर घरची चूल चालते आणि उरलेली स्लरी बायका विकतात. बनासकांठ्यात बनास डेअरी गावांतले शेण विकत घेऊन गाड्यांचे इंधन बनवते. खुद्द सुरत महापालिकेने अंजना येथील सांडपाणी केंद्रात मैल्यातल्या गॅसवर वीज तयार केली, तेव्हा देशात असे उदाहरण नव्हते. ज्या शहराला हे जमले, त्याच्या आसपासच्या गावांत गोबरगॅसचे बंद पडलेले घुमट दिसू नयेत. संच बसवताना अनुदान मिळते, दुरुस्तीला माणूस मिळत नाही, हे या योजनांचे जुने दुखणे आहे. गळका संच तर मिथेनची भरच घालतो.

जास्त दुधाच्या जनावराचा धागाही सुरत जिल्ह्यातल्याच एका माणसापर्यंत जातो. कोसमाडा गावात १९२० साली जन्मलेले मणिभाई देसाई गांधीजींबरोबर १९४६ साली उरुळी कांचनला आले आणि तिथलेच झाले. १९६७ साली त्यांनी ‘बाएफ’ संस्था उभारली. कृत्रिम रेतनाची सेवा थेट शेतकऱ्याच्या दारात न्यायची, गावठी गाईपासून अधिक दूध देणारी कालवड मिळवून द्यायची, हा त्यांचा ध्यास होता. त्या काळी मिथेनची चर्चा नव्हती. गरिबाच्या घरात दोन पैसे यावेत एवढाच हेतू होता. पण तेवढेच दूध कमी जनावरांकडून मिळणे, हा आज उत्सर्जन घटवण्याचा सर्वात भक्कम मार्ग मानला जातो.

त्याला एक अट आहे. दूध वाढले आणि जनावरेही तेवढीच राहिली, तर लीटरमागचा आकडा सुधारतो, एकूण मिथेन घटत नाही. भाकड जनावरे वर्षानुवर्षे सांभाळली जातात आणि त्यामागे श्रद्धा आहे. १७व्या शतकाच्या अखेरीस सुरतेत आलेल्या जॉन ओव्हिंग्टन या इंग्रज पाद्र्यानेही इथल्या जनावरांच्या इस्पितळाची नोंद केली होती. ही परंपरा मोडण्याची भाषा करणे चुकीचे आणि निरुपयोगी आहे. मात्र नको असलेले जनावर जन्मालाच येऊ नये, यासाठी बहुतेक कालवडीच जन्मतील असे लिंगनिर्धारित वीर्य आता सरकारी योजनेतून मिळते. जनावर वेळेवर माजावर आले, वेळेवर गाभण राहिले, तर भाकड काळही आखडतो. भाकड जनावरे सांभाळणाऱ्या पांजरपोळांकडे तर शेण एका जागी जमते. तिथे गॅस संच नसेल, तर ती मोठी उणीव आहे.

डेन्मार्कने २०३०पासून पशुधनाच्या उत्सर्जनावर कर लावायचे ठरवले आहे. न्यूझीलंडने तसा बेत केला आणि शेतकऱ्यांच्या विरोधानंतर २०२४ साली मागे घेतला. ग्लासगोत २०२१ साली पुढे आलेल्या जागतिक मिथेन प्रतिज्ञेवर भारताने सही केली नाही. दोन म्हशींच्या मालकिणीवर कर बसवणे अन्यायाचे ठरेल, हे खरेच. पण सही न केल्याने गोठ्यातली गळती थांबत नाही. गावच्या दूध मंडळीत सकाळ-संध्याकाळ दूध मापले जाते, फॅट काढले जाते, पैसे खात्यावर जमा होतात. त्याच हिशेबात संतुलित आहाराचा सल्ला, खनिज मिश्रण आणि पूरक खाद्य संघाने स्वतःच्या खर्चाने घातले, किंवा कार्बन बाजारातून येणारा पैसा थेट त्या मालकिणीच्या खात्यात वळवला, तर तिला मिथेन हा शब्दही ऐकावा लागणार नाही. दहा दिवसांच्या दुधाच्या हिशेबात चार पैसे जास्त दिसले की पुरे.