बांधाजवळून जाणारे टपाल



डाळिंबाच्या पानावर तेलकट ठिपके दिसले, की आज आपण लगेच फोटो काढतो आणि कृषी विज्ञान केंद्रातील तज्ज्ञांना पाठवतो. तो तेल्या असेल, तर एकेक दिवस मोलाचा असतो. तेव्हा फोटो वेळेवर पोचणे ही चैनीची बाब नव्हे. तो जातो कसा, हे घरातील सर्वांनी समजून घ्यावे.

पुष्कळांना वाटते, फोटो हवेतून थेट समोरच्या फोनवर जातो. तसे नाही. आपल्या फोनपासून जवळच्या टॉवरपर्यंतच तो हवेतून जातो. काही टॉवर तबकड्यांच्या साहाय्याने पुढच्या टॉवरशी लहरींवर जोडलेले असतात, हे खरे. पण पुढची लांबची वाट जमिनीखालून, केबलमधून आहे.

फोटोचे तुकडे

पूर्वी ट्रंक कॉल लागला, की बोलणे संपेपर्यंत ती लाइन दोघांसाठीच अडून राही. १९६० नंतरच्या दशकात अमेरिकेत पॉल बॅरन आणि इंग्लंडमध्ये डोनाल्ड डेव्हिस यांनी निराळी पद्धत सुचवली. संदेशाचे लहान तुकडे करावेत, प्रत्येकावर पत्ता घालावा आणि एकाच वाटेने अनेकांचे तुकडे न्यावेत. अशा तुकड्याला ‘पॅकेट’ म्हणतात. एक पॅकेट साधारण १५०० बाइटपर्यंतचे असते. म्हणजे ३ एमबीच्या फोटोची सुमारे २००० पॅकेटे होतात. त्यातले एखादे वाटेत गहाळ झाले, तर तेवढेच पुन्हा पाठवले जाते.

पाकिटात पाकीट

टॉवरपाशी आपले पॅकेट जसेच्या तसे दुसऱ्या पाकिटात घातले जाते. या बाहेरच्या पाकिटावर मोबाइल कंपनीच्या केंद्राचा पत्ता आणि आपल्या जोडणीचा क्रमांक असतो. केंद्रात बाहेरचे पाकीट काढले जाते व आतले पॅकेट पुढे इंटरनेटवर रवाना होते. उत्तर येताना हाच क्रम उलटा होतो. आपण एसटीने तालुक्याला निघालो, की वाटेत टॉवर बदलत जातात, तरी फोन चालू राहतो. कारण बदलतो तो बाहेरच्या पाकिटावरचा टॉवरचा पत्ता. आतला आपला पत्ता तोच राहतो.

काचेचा धागा

केबलमध्ये केसासारखे बारीक काचेचे धागे असतात. त्यांतून प्रकाशाच्या रूपाने संदेश धावतो, सेकंदाला सुमारे २ लाख किलोमीटर. पण या वेगाला जेसीबीचा एक दात पुरतो. पाइपलाइनसाठी चर खणताना केबल तुटली आणि दुसरी पर्यायी वाट नसली, तर बँकेचे व्यवहार अडतात, रेशन दुकानातील यंत्र थांबते, बाजारभाव कळत नाहीत. पाटाला भगदाड पडले, की खालच्या सगळ्या शेतांचे पाणी तुटते, तसेच हे.

ग्रामपंचायतींपर्यंत अशी केबल नेण्याच्या योजनेस २०११ साली मंजुरी मिळाली. तीच पुढे ‘भारतनेट’ म्हणून ओळखली जाऊ लागली. खोदाईत केबल तुटू नयेत, म्हणून केंद्र सरकारने २२ मार्च २०२३ रोजी ‘कॉल बिफोर यू डिग’ हे ॲप सुरू केले. खोदणाऱ्याने त्यावर आगाऊ सूचना दिली, की तेथे केबल किंवा पाइप असणाऱ्या संस्थांना ती कळते.

एवढे करा

१. रस्त्याकडेला किंवा बांधालगत जेसीबी लावण्यापूर्वी केबलच्या खुणेचे दगड पाहा, ग्रामपंचायतीत चौकशी करा आणि वरील ॲपवर सूचना द्या.

२. रोगाचा फोटो व्हॉट्सॲपवर ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवा. नेहमीच्या पद्धतीने पाठवल्यास तो आकसला जातो आणि बारीक ठिपके पुसट होतात.

३. चारीचे पाणी वाटून घ्यावे, तशी टॉवरची क्षमता सर्वांत वाटली जाते. संध्याकाळी गर्दी असल्यास फोटो सकाळी लवकर पाठवा. रेंज कमी असल्यास मोकळ्या, उंच जागी उभे राहा.

४. केबल तुटलेली दिसल्यास ती ओढू नका, मातीने बुजवू नका. ग्रामपंचायतीला लगेच कळवा.

पाटाची राखण आपण पिढ्यान्‌पिढ्या करत आलो आहोत. आता बांधाजवळच्या या केबलचीही करू या.