आडवं धरण, उभा फोन

पूर्णा नदीवरच्या सिद्धेश्वर धरणातून पाणी सुटलं की बघणाऱ्यांचे फोन बाहेर निघतात. धरण आडवं पसरलेलं, फोन मात्र उभा. मग व्हिडिओत एक-दोन दरवाजे आणि वर नुसतं आभाळ.

फोन आडवा झाला हे त्याला कळतं कसं? आत अ‍ॅक्सेलरोमीटर नावाची चिप असते. तिच्यात अतिसूक्ष्म स्प्रिंगांवर तोललेला सिलिकॉनचा इवलासा ठोकळा असतो. गुरुत्वाकर्षण त्याला ओढतं. तो सरकतो ती खालची बाजू. फोन टेबलावर सपाट ठेवून फिरवून बघा, स्क्रीन जागची हलत नाही, कारण ओढ फोनच्या पाठीकडे असते. कुशीवर झोपून वाचताना मात्र अक्षरं फिरतात. तुमचं डोकंही आडवं आहे, हे चिपला कुठून कळणार?

अशा वेळी स्क्रीनवर वरून खाली बोट ओढा आणि ‘ऑटो रोटेट’ बंद करा. आयफोनमध्ये कुलूप आणि गोल बाणाचं चिन्ह दाबा. 2018च्या अँड्रॉइड 9पासून एक फारच उपयोगी सोय आली: ऑटो रोटेट बंद असतानाही फोन आडवा केला की कोपऱ्यात छोटं बटण दिसतं, ते दाबलं तरच स्क्रीन फिरते.

व्हिडिओची दिशा मात्र बहुतेक फोनमध्ये रेकॉर्डिंग सुरू होतानाच ठरते. तेव्हा धरणावर गेलात तर आधी फोन आडवा धरा, क्षणभर थांबा, मग लाल बटण दाबा. आणि पाण्यापासून लांब उभे राहा.